ब्रिटिश कॉमेडी-ड्रामासाठी घराचा सेट कसा लावावा

कॉमेडी-ड्रामात विनोद पात्रं करतात. खोलीनं गंभीरच राहायचं. चमत्कारिक सोफा पहिल्या भागात हसू आणतो, पण पाचव्या भागात त्याच सोफ्यावर कुणीतरी मरणाची बातमी ऐकणार असतं.

संहिता वाचताना आधी दारं मोजा: कोण कुठून येतं, कुणी कुणाचं चोरून ऐकतं. प्रॉडक्शन डिझायनरचा (सेटचं रूप ठरवणाऱ्याचा) १:५० चा, म्हणजे खऱ्याच्या पन्नासाव्या हिश्श्याचा आराखडा दारांपासूनच सुरू होतो. १:२५ चं मॉडेल नंतर. साध्या टेरेस्ड (रांगेतल्या, शेजाऱ्याशी भिंत जोडलेल्या) घरातली पुढची खोली ४ × ३.५ मीटर धरली, तर सेटवर प्रत्येक बाजू फूटभर वाढवा. त्याहून मोठी केली की अडचणीच्या जागेतली गंमतच जाते. कॅमेऱ्यासाठी किमान दोन भिंती निघणाऱ्या हव्यात. त्यांचे सांधे कोपऱ्यात घ्या, नाहीतर भिंत काढताना दर वेळी वॉलपेपर फाटतो.

वॉलपेपरचं गणित इथेच चुकतं. ब्रिटिश रोल १०.०५ मीटर लांब, ५२ सेंमी रुंद. वाढवलेल्या खोलीचा घेर साधारण १६.२ मीटर; २.४ मीटर उंचीला ३२ पट्ट्या लागतात. साध्या कागदाच्या एका रोलमधून चार निघतात, म्हणजे ८ रोल. दर ५३ सेंमीला पुन्हा येणारी नक्षी जुळवायची तर तीनच, म्हणजे ११. दुरुस्तीसाठी दोन जास्त घ्या, सगळे एकाच बॅचचे. बॅच बदलली की रंगातला फरक कॅमेरा हमखास पकडतो.

घर कुठल्या काळातलं आहे ते सॉकेट सांगतात. इंग्लंड-वेल्समध्ये १९९९ पासून नव्या घरांत ते जमिनीपासून निदान ४५ सेंमीवर असतात. जुन्या घरात स्कर्टिंगलाच (भिंतीच्या पायथ्याच्या लाकडी पट्टीला) चिकटलेले. बाथरूममध्ये भिंतीवर साधं बटण लावू नका. तिथला दिवा सहसा छतातून लोंबणाऱ्या दोरीनं लागतो. शेवटी बटणांभोवती बोटांचा मळ आणि काढलेल्या तसबिरीमागचा फिकट चौकोन रंगवून घ्या. नवा कोरा रंग लगेच खोटा वाटतो.

व्हॅनवर, फ्रिजवरच्या चिठ्ठीवर दिसणारे फोन नंबर ऑफकॉमनं (ब्रिटनच्या दूरसंचार नियामकानं) नाटक-मालिकांसाठी राखलेल्यांतलेच घ्या: मोबाइलसाठी ०७७०० ९००००० ते ९००९९९, लंडनसाठी ०२० ७९४६ नंतर ०००० ते ०९९९. मनानं रचलेला नंबर कुणाचा तरी निघू शकतो. बीबीसीच्या कामात पैसे घेऊन माल दाखवणं बसत नाही, त्यामुळे डबे-पुड्यांची लेबलं ग्राफिक्सवाल्यांकडून आधीच करून घ्या; सेटवर चिकटपट्टीनं झाकलेली नावं फार विचित्र दिसतात.