ऊसतोडीवर माहितीपट करताना

कॅमेरा काढण्याआधी उचल समजून घ्या. कोयता म्हणजे तोडणारी नवरा-बायकोची जोडी, आणि हंगामाआधी मुकादमाकडून, म्हणजे टोळी जमवणाऱ्या ठेकेदाराकडून, घेतलेली आगाऊ रक्कम ती उचल. ती फिटेपर्यंत माणूस बोलायला मोकळा नसतो. तुम्ही चित्रण उरकून पुण्या-मुंबईला जाता, तो त्याच टोळीत राहतो. म्हणून पहिली भेट टोळ्या निघण्यापूर्वी गावातच घ्या. मुकादमाचं बोट धरून फडात, म्हणजे तोड चालू असलेल्या उसात, शिरलात, तर त्याला चालेल तेवढंच कानावर पडेल.

कागदावरचा अंगठा म्हणजे संमती नव्हे. काय दाखवणार, कुठे दाखवणार हे सांगून होकार त्यांच्याच शब्दांत रेकॉर्ड करा. संकलनानंतर त्यांचा भाग दाखवून पुन्हा विचारा. बाईला वेगळं विचारा, नवऱ्यासमोर नाही. बीडमधल्या ऊसतोड बायकांच्या गर्भाशय काढण्याच्या शस्त्रक्रिया २०१९ साली बातम्यांत गाजल्या. तो विषय पहिल्या भेटीत काढूच नका.

मुलाखतीसाठी तोड थांबवू नका. खाडा पडला तर पैसे कापले जातात. गाडीवान कारखान्याच्या आवारात वजनकाट्यासमोर तासन्‌तास रांगेत असतो, तेव्हा बोला. बाईला मोकळा वेळ नसतोच. कोपीवर, म्हणजे मुक्कामाच्या झोपडीवर, ती भाकरी थापत असताना माइक लावा, आणि प्रश्न कमी विचारा.

इथेच आवाज हमखास बिघडतो. कॉलर माइक हनुवटीखाली वीतभर लावतात, पण तिथे पदर घासतो आणि खरखर येते. पदर नसलेल्या बाजूला, ब्लाउजच्या काठावर, तिचा तिलाच लावू द्या. क्लिपखाली तारेचा छोटा वळसा घेऊन चिकटपट्टी लावा, म्हणजे ओढ माइकपर्यंत पोचत नाही. थापण्याच्या ठोक्यांवर आणि बांगड्यांवर पातळी उसळते, म्हणून रेकॉर्डरच्या मीटरवर बोलण्याची शिखरं −१२ डेसिबलपर्यंतच ठेवा. फडात वारा आणि पाचट, म्हणजे उसाचा वाळका पाला, दोन्ही वाजतात. माइकवर केसाळ टोपी हवीच. प्रत्येक जागेचा ३० सेकंद नुसता आवाज घ्या, संकलनात जोड लपवायला लागतो. कोपीवर वीज धरून चालू नका. भरलेल्या बॅटऱ्या न्या, आणि पाचट पेटवलेल्या रानात लेन्स बदलू नका.

ओळख लपवायची तर चेहरा धूसर करून भागत नाही. हातावरचं गोंदण, गाडीचा नंबर, अगदी बैलांच्या शिंगांचा रंगही गावाला पुरतो. आवाजाची पट्टी बदलली तरी ती परत फिरवता येते. तेच शब्द दुसऱ्याकडून वदवून घ्या आणि तसं पडद्यावर लिहा. लैंगिक अत्याचार झालेल्या मुलाचं नाव, फोटो, पत्ता, शाळा, कुटुंब यांपैकी काहीही ओळख देईल असं दाखवणं पोक्सोच्या, म्हणजे मुलांना लैंगिक अत्याचारापासून संरक्षण देणाऱ्या कायद्याच्या, कलम २३ खाली गुन्हा आहे.

पहिला खेळ त्यांच्यासाठीच. लोक परतल्यावर, गुढीपाडव्यानंतर, कच्चं संकलन घेऊन जा. ३००० ल्युमेनचा प्रोजेक्टर आणि ८ फुटी पांढरं कापड पुरतं. सूर्यास्तानंतर अर्ध्या तासाने सुरू करा. जागा मात्र विचारून ठरवा. देवळासमोर लावलात तर दलित वस्तीतल्या बाया येतीलच असं नाही, आणि बंजारा तांड्यावरचे लोक अंधारात चालत येणार नाहीत. दोन्हीकडे वेगळा खेळ लावा, एक फक्त बायकांचा ठेवा. कुणी ‘हे काढा’ म्हटलं तर त्या सेकंदांची वेळ वहीत टिपा, आणि काढल्यावर त्यांना पुन्हा दाखवा.