पडला की पाडला: पहिल्या तिमाहीच्या कोडिंगमधील या चुका टाळा

अमेरिकेतील रुग्णालयांचे चार्ट वाचून विम्याच्या क्लेमसाठी निदानांना आणि उपचारांना ठरावीक कोड देणे, म्हणजे कोडिंग, पुण्यात बसून करणाऱ्यांचे काम मी अकरा वर्षे तपासते आहे. आयसीडी-१०-सीएम ही निदानांच्या कोडची यादी तिकडे १ ऑक्टोबर २०१५ पासून लागू आहे, तरीही गरोदरपणाच्या पहिल्या काही आठवड्यांतील गुंतागुंतीच्या चार्टमध्ये त्याच त्या चुका आजही माझ्या टेबलावर येतात.

सर्वांत मोठी चूक ‘ॲबॉर्शन’ या एका शब्दाभोवती घडते. वीस आठवड्यांच्या आत गर्भ आपोआप गेला तरी तिकडचा डॉक्टर ‘ॲबॉर्शन’ लिहितो आणि तो करवून घेतला तरी ‘ॲबॉर्शन’च लिहितो. आपण मराठीत ‘गर्भ पडला’ आणि ‘गर्भ पाडला’ असे म्हणतो. फरक एका कान्याचा असला, तरी ऐकणाऱ्याचा गोंधळ होत नाही. इंग्रजी चार्टमध्ये हा कान्याचा फरक शब्दाच्या आधी लागणाऱ्या विशेषणात असतो, आणि घाईतला कोडर नेमके तेच विशेषण सोडून देतो. ‘थ्रेटन्ड’ म्हणजे रक्तस्राव आहे पण गर्भ टिकून आहे, म्हणून ओ२०.०. ‘मिस्ड’ म्हणजे गर्भ मृत आहे पण अजून आतच आहे, म्हणून ओ०२.१. ‘स्पॉन्टेनियस’ म्हणजे आपोआप झालेला, त्यासाठी ओ०३ हा गट आहे आणि त्यात ‘इनकम्प्लीट’ (अपूर्ण) असे स्पष्ट लिहिलेले नसेल तर तो पूर्ण झाला असे धरून ओ०३.५ ते ओ०३.९ मधील कोड घ्यायचा असतो. स्वेच्छेने केलेल्या आणि गुंतागुंत नसलेल्या गर्भपातासाठी झेड३३.२ आहे, ओ०४ फक्त त्यानंतर उद्भवलेल्या गुंतागुंतीसाठी आहे.

काही वर्षांपूर्वीचे एक प्रकरण मी प्रत्येक नव्या तुकडीला सांगते. शस्त्रक्रियेच्या नोंदीच्या शीर्षकात ‘डी अँड सी’ (गर्भाशय खरवडून साफ करणे) होते आणि खाली निदानापुढे नुसतेच ‘एबी’ असे ‘ॲबॉर्शन’चे संक्षिप्त रूप होते. तीन महिने जुन्या कोडरने शीर्षक वाचले, एन्कोडर या कोड शोधण्याच्या सॉफ्टवेअरच्या शोधचौकटीत दोन शब्द टाकले आणि ५९८४० हा स्वेच्छा गर्भपाताचा सीपीटी (उपचार-शस्त्रक्रियांसाठीचा) कोड झेड३३.२ बरोबर लावून चार्ट पुढे ढकलला. विमा कंपनीने क्लेम नाकारला, कारण त्या बाईंच्या पॉलिसीत स्वेच्छा गर्भपाताचा खर्च बसत नव्हता, आणि पूर्ण बिल त्यांच्या घरी गेले. त्यांनी रुग्णालयाला लिहिलेले पत्र क्लायंटमार्फत आमच्यापर्यंत आले. ते मूल त्यांना हवे होते, त्यांनी नावही ठरवले होते. मी चार्ट पुन्हा उघडला. तिसऱ्या पानावर आपत्कालीन विभागाच्या नोंदीत एकच ओळ होती: सकाळपासून घरी गुठळ्या आणि ऊतक पडत आहे, रक्तस्राव अतिशय जास्त आहे, सोनोग्राफीत काही भाग गर्भाशयात शिल्लक दिसतो. म्हणजे अपूर्ण आपोआप गर्भपात आणि त्यानंतरचा अतिरक्तस्राव, ओ०३.१, आणि शस्त्रक्रियेसाठी ५९८१२. दुरुस्त क्लेम गेला, पैसेही मिळाले, परंतु ज्या बाईचा गर्भ पडला होता तिला ‘तू पाडलास’ असे सांगणारा कागद तिच्या हातात पडून गेला होता.

म्हणून माझी सवय अशी आहे की गर्भपाताचा चार्ट मी शेवटच्या पानापासून वाचते: आधी पॅथॉलॉजी, मग सोनोग्राफी, मग आपत्कालीन विभागाची नोंद, आणि शीर्षक सर्वांत शेवटी. यात चार-पाच मिनिटे जास्त जातात. रोजच्या चार्टसंख्येचे उद्दिष्ट पुढे करून ही मिनिटे वाचवणाऱ्यांशी माझे कधीच पटलेले नाही. नोंदीतून उलगडा होत नसेल तर डॉक्टरांना क्वेरी, म्हणजे लेखी विचारणा, पाठवावी, अंदाज बांधू नये. लोकांनी एकमेकांना पाठवलेल्या ‘नेहमीच्या कोडां’च्या तक्त्यांवर माझा विश्वास नाही, इंडेक्समध्ये (शब्दांच्या सूचीत) सापडलेला प्रत्येक कोड टॅब्युलर लिस्टमध्ये (कोडच्या क्रमवार यादीत) उघडून त्याखालच्या एक्सक्लूड्सच्या, म्हणजे तो कोड कुठे चालत नाही हे सांगणाऱ्या, टिपा वाचल्याच पाहिजेत.

दुसरी चूक झेड३ए या आठवड्यांच्या कोडची. गरोदरपणाच्या प्रत्येक चार्टला तो लावायचा, एवढेच शिकवणीवर्गात पाठ करून घेतलेले असते. प्रत्यक्षात ओ०० ते ओ०८ या गटातील कोडबरोबर आणि झेड३३.२ बरोबर तो लावायचा नसतो. थ्रेटन्डचा ओ२०.० मात्र या गटाबाहेर आहे, त्यामुळे नऊ आठवड्यांच्या रुग्णाला तेथे झेड३ए.०९ हवाच. माझ्या मॉनिटरच्या कडेला एक चिठ्ठी चिकटवलेली आहे: ‘गर्भ टिकून, तर आठवडे, गेला, तर नाहीत.’

पहिली तिमाही बारा आठवड्यांना संपते असे समजू नका. ती १३ आठवडे ६ दिवसांपर्यंत असते.

गर्भाशयात फायब्रॉइड असलेल्या गरोदर रुग्णाला थेट डी२५ देऊन मोकळे होणारे अनेक आहेत. प्रसूतिविषयक प्रकरणातील कोड आधी येतो, म्हणजे पहिल्या तिमाहीत ओ३४.११, आणि गाठीचा प्रकार सांगणारा डी२५ त्यानंतर. गरोदरपणाचा आजाराशी संबंध नाही असे डॉक्टरांनी लिहिले असेल तरच झेड३३.१ हा ‘गरोदरपण केवळ योगायोगाने’ असे सांगणारा कोड वापरावा, ते ठरवण्याचा अधिकार कोडरचा नाही.

मिस्ड ॲबॉर्शनच्या डी अँड सीला ५८१२० लावणे ही चूकच आहे, कारण तो कोड गरोदर नसलेल्या स्त्रीसाठी आहे. पहिल्या तिमाहीत ५९८२० घ्यावा. गर्भपिशवी रिकामी असेल तर ओ०२.०, गर्भ दिसून नंतर थांबला असेल तर ओ०२.१. नलिकेतील गर्भधारणेत बाजू लिहिलेली असताना ‘अनिर्दिष्ट’ निवडू नका. उजवीकडे असेल आणि गर्भाशयात दुसरा गर्भ नसेल तर ओ००.१०१.

बाह्यरुग्ण विभागाच्या चार्टमध्ये ‘प्रॉबेबल एक्टोपिक’ (बहुधा गर्भाशयाबाहेरील गर्भधारणा) लिहिलेले असेल तर एक्टोपिकचा कोड द्यायचा नाही. संशयित निदान निश्चित झाल्याप्रमाणे कोड करण्याची मुभा दाखल रुग्णाच्या डिस्चार्जच्या वेळी असते, बाह्यरुग्णाला नसते. रक्तस्राव हेच निश्चित असेल तर ओ२०.९ आणि आठवडे एवढेच लिहावे, आणि निदान ठरल्यानंतरच्या भेटीत एक्टोपिकचा कोड त्या भेटीच्या नोंदीवरून द्यावा.