मार्गरीट डेझीची लागवड आणि छाटणी

मार्गरीट डेझी हे कॅनरी बेटांवरून आलेले बहुवर्षायू झुडूप असून त्याचे शास्त्रीय नाव आर्जिरँथेमम फ्रुटेसेन्स असे आहे. त्याला भरपूर ऊन आणि पाण्याचा चांगला निचरा लागतो, तर कडाक्याची थंडी व हिमकण मुळीच सोसत नाहीत. दिवसातून किमान सहा तास ऊन मिळेल अशी जागा निवडावी; सावलीत फांद्या लांबट होतात आणि फुले तुरळक येतात. माती चिकट असल्यास तिच्यात जाड वाळू व कुजलेले शेणखत मिसळावे. झाड साधारण ६० ते ९० सेंटिमीटर पसरत असल्याने दोन रोपांत तेवढेच अंतर ठेवावे.

वरची दोन-तीन सेंटिमीटर माती सुकल्यावरच बुंध्याशी पाणी द्यावे. पाणी साचून राहिले की मुळे कुजतात, आणि तेव्हा कोमेजलेले झाड पाहून अनेक जण आणखी पाणी ओततात. नत्रयुक्त खताचा मारा केल्यास पाने माजतात व फुले कमी होतात, म्हणून पातळ केलेले द्रवखत महिन्यातून एकदा पुरे.

या झाडाची खरी निगा कात्रीत आहे. रोप लहान असतानाच शेंडे खुडावेत, म्हणजे बाजूने फुटवे येऊन ते गोलसर भरते. सुकलेली फुले देठासह काढत राहावीत. कडक उन्हाळ्यात बहर थांबल्यास एक तृतीयांश हिरवी वाढ छाटावी. हवा निवल्यावर पुन्हा कळ्या धरतात. मात्र कात्री लाकडी झालेल्या जुन्या खोडापर्यंत नेऊ नये, कारण पाने नसलेल्या त्या भागातून सहसा नवी फूट येत नाही आणि झाडाचा नुसता खुंट होऊन बसतो.

मावा (रस शोषणारी बारीक कीड) दिसल्यास पाण्याच्या जोरदार फवाऱ्याने धुवावा, आणि नागअळीच्या वेड्यावाकड्या पांढऱ्या रेषा उमटलेली पाने तोडून नष्ट करावीत.

दोन-तीन वर्षांत बुंधा लाकडी होऊन मधला भाग उघडा पडतो. अशा झाडाला जपत बसण्यापेक्षा त्याची छाट कलमे करावीत असे माझे मत आहे. फूल नसलेला, कोवळा पण टणक असा ८ ते १० सेंटिमीटरचा शेंडा डोळ्याखाली, म्हणजे पान फुटते त्या जागेच्या खाली, कापून खालची पाने काढावीत आणि ओलसर वाळू व कोकोपीट (नारळाच्या काथ्याचा भुसा) यांच्या मिश्रणात सावलीत खोचावा. तीन-चार आठवड्यांत त्याला मुळे फुटतात.