नेटवर्कवरची यंत्रं आपोआप शोधताना या चुका टाळा

पिंगला, म्हणजे ‘आहेस का?’ म्हणून यंत्राला मारलेल्या हाकेला, उत्तर आलं नाही म्हणजे तिथं यंत्रच नाही, ही समजूत आधी सोडा. विंडोजचा फायरवॉल बरेचदा पिंग अडवतो. संगणक चालू असतो, पण यादीत येत नाही. यवतमाळकडच्या एका जिनिंगमध्ये ऐन हंगामात हेच झालं. काट्याच्या संगणकाला १९२.१६८.१.५० हा पत्ता हातानं दिलेला होता. कॅमेरे लावणाऱ्यानं नुसतं पिंग स्कॅन केलं, ५० मोकळा दिसला आणि तोच कॅमेऱ्याला दिला. मग काट्याची नोंद कधी ऑफिसात पोचायची, कधी अडकायची. फाटकाबाहेर कापसाच्या गाड्यांची रांग, अन् आत माणसं केबल आणि प्रिंटर बदलताहेत! दोष सापडला एआरपी तक्त्यात, म्हणजे कोणता आयपी पत्ता कोणत्या यंत्राकडे ही नोंद असते तिथं: एकाच आयपीसमोर आलटूनपालटून दोन मॅक पत्ते (नेटवर्क कार्डाचे स्वतःचे क्रमांक).

एकाच सबनेटमध्ये, म्हणजे मधे राउटर नसलेल्या भागात, पिंग अडवणारं यंत्रही एआरपीला उत्तर देतं. म्हणून लिनक्सवर एनमॅप हा स्कॅनर सुडो लावूनच, म्हणजे अ‍ॅडमिनच्या अधिकारानं, चालवा. सुडो नसेल तर तो एआरपी वापरत नाही, फक्त ८० आणि ४४३ हे पोर्ट चाचपतो. बंद यंत्र मात्र एआरपीतही दिसत नाही, तेव्हा स्कॅन कामाच्या वेळेत करा आणि हातानं दिलेले पत्ते वहीत लिहून ठेवा. या वहीचा कंटाळा करणाऱ्याच्या हाती नेटवर्क देऊ नये. राउटरपलीकडे एआरपी जात नाही. तिकडचा तक्ता त्या राउटरकडूनच एसएनएमपीनं (यंत्रांकडून माहिती मागवायची पद्धत) मागवा.

दुसरी चूक लाईन गेली की कळते. मॉनिटरिंगचा संगणक इन्व्हर्टरवर, पण मधला स्विच साध्या बोर्डावर. लाईन गेली की स्विचमागचे २० कॅमेरे ‘बंद’ आणि मोबाईलवर २० संदेश. चार दिवसांत माणूस संदेश बघणंच सोडतो, मग खरा बिघाडही तसाच राहतो. झॅबिक्स या मॉनिटरिंग सॉफ्टवेअरमध्ये कॅमेऱ्यांचे ट्रिगर (इशाऱ्याच्या अटी) स्विचच्या ट्रिगरवर अवलंबून ठेवा. मिनिटामिनिटाला तपासत असाल तर सलग ३ वेळा उत्तर चुकल्यावरच इशारा द्या. आणि स्विच इन्व्हर्टरवर घ्याच, त्याला वीज फार लागत नाही.

एसएनएमपीचा ‘पब्लिक’ हा आधीपासून ठेवलेला परवलीचा शब्द पहिल्याच दिवशी बदला. जमेल तिथं व्हर्जन ३ लावा.

४० यंत्रांसाठी /१६ एवढा मोठा पत्त्यांचा पट्टा स्कॅन करू नका, ते ६५,५३४ पत्ते होतात. /२४ मध्ये २५४ मिळतात.

अँड्रॉइड १० आणि आयओएस १४ पासून फोन वायफायवर बनावट मॅक पत्ता दाखवतात, म्हणून मॅकवरून फोन ओळखता येत नाही. पाहुण्यांचे फोन वेगळ्या व्हीलॅनवर (त्याच स्विचवर वेगळं काढलेलं नेटवर्क) टाका आणि तो व्हीलॅन शोधातून वगळा.