औद्योगिक क्रांतीतली इंग्लिश शहरं : लिहिताना-वाचताना या चुका टाळा

मुलं नोट्स तपासायला पाठवतात त्यात एक वाक्य हमखास असतं. शब्द थोडे इकडेतिकडे, पण मथितार्थ एकच, की औद्योगिक क्रांती आली, खेडी ओस पडली, सगळे मँचेस्टरला गेले, गिरणीत जुंपले, एकत्र कुटुंब मोडलं आणि सतराव्या वर्षी मेले. पाठ करायला सोपं आहे, मार्कही मिळतात कधीकधी. पण यातला जवळपास प्रत्येक तुकडा कुठेतरी घसरलाय, आणि ती खरी माणसं होती हो, त्यांचं अख्खं आयुष्य असं एका ओळीत चुकीचं कोंबलेलं मला बघवत नाही, म्हणून हे सविस्तर लिहितेय.

पहिली आणि सगळ्यात मोठी चूक म्हणजे प्रत्येक शहराला मँचेस्टर समजणं. आपल्याकडे इचलकरंजीला महाराष्ट्राचं मँचेस्टर म्हणतात, त्यामुळे मँचेस्टर म्हटलं की माग आणि धुराडी एवढंच डोळ्यासमोर येतं. पण खुद्द मँचेस्टर हे गिरण्यांइतकंच गोदामांचं, दलालांचं, सूत-कापडाच्या बाजाराचं शहर होतं, आणि गिरणीशिवाय दुसरं काही नाही असं गाव बघायचं असेल तर आजूबाजूच्या ओल्डहॅम, ॲश्टन, स्टॉकपोर्टकडे बघा. बर्मिंगहॅममध्ये तर चित्रच वेगळं. तिथे बटणं, बकल, बंदुका, पेनाच्या निबा, आणि हे सगळं बरंचसं छोट्या छोट्या वर्कशॉपमध्ये, घराच्या मागच्या अंगणात, पाच-दहा माणसांत चालायचं. शेफील्डला सुऱ्या-कात्र्यांना धार लावणारा कारागीर चाकावरची जागा भाड्याने घ्यायचा, हत्यारं स्वतःची, मालक असा धड कोणी नाही, आणि तरी दगडाची-लोखंडाची धूळ छातीत जाऊन तरुणपणीच खंगून जायचा. जेवणाचे काटे (फोर्क) घासणारे सगळ्यात वाईट अवस्थेत, कारण ते काम कोरड्या दगडावर व्हायचं, ओल्या दगडावर धूळ तरी कमी उडते. आणि लिव्हरपूल? ते बंदर. गोदीतलं रोजंदारीचं काम, आज आहे उद्या नाही. या तिन्ही ठिकाणच्या माणसांना सरसकट 'गिरणी कामगार' लिहिलं की सगळं उत्तर चुकतं. उपाय सोपा आहे, वाक्य लिहायच्या आधी शहराचं नाव आणि दशक लिहा, मग बघा वाक्य टिकतंय का.

दशकाचं पण तेवढंच महत्त्वाचं. 1760 लिहिलं की लगेच शहरात वाफेवरच्या गिरण्या उभ्या राहिल्या असं नसतं. आर्कराइट या उद्योजकाची क्रॉमफर्डची सूतगिरणी 1771 ची, ती पाण्यावर चालायची आणि डर्बीशायरच्या खेड्यात होती, कारण नदी जिथे तिथेच गिरणी. वाफेचं इंजिन चालायला लागलं तेव्हा गिरणी कोळशाजवळ, माणसांजवळ, शहरात यायला लागली. आणि हातमागवाले लगेच संपले हेही चूक. सूत गिरणीत भराभर निघायला लागल्यावर ते विणायला हात कमी पडायला लागले, म्हणून हातमागवाल्यांची संख्या आधी वाढली, 1820 च्या दशकापर्यंत वाढतच गेली, आणि मग यंत्रमागाने त्यांची मजुरी खाल्ली. म्हणजे आजोबाने चांगले दिवस बघितले आणि नातवाने उपासमार, एकाच घरात.

आता ते 'सतराव्या वर्षी मेले'. हे मी जरा सावकाश लिहिते कारण ही चूक सगळीकडे आहे, चांगल्या चांगल्या लेखांत पण. एडविन चॅडविक या सरकारी अधिकाऱ्याचा मजुरांच्या आरोग्यावरचा 1842 चा रिपोर्ट आहे, त्यात मँचेस्टरच्या मजूर वर्गाचं मरणाचं सरासरी वय 17 दिलंय आणि तिथल्याच सुखवस्तू लोकांचं 38. रटलंड या शेतीवाल्या भागात मजुरांचं 38 आणि सुखवस्तूंचं 52. म्हणजे खेड्यातला मजूर आणि मँचेस्टरचा पैसेवाला सारख्याच आकड्यावर, हे वाचलं की अंगावर काटा येतो, आणि यायलाच पाहिजे. पण 17 चा अर्थ काय ते नीट बघा. दहा जण घ्या, आपला हिशोबापुरता मांडलेला आकडा. त्यातली पाच बाळं पहिल्या वर्षाच्या आसपास गेली, प्रत्येकी 1 धरा, झाले 5. उरलेले पाच 10, 20, 35, 45 आणि 55 व्या वर्षी गेले, त्यांची बेरीज 165. एकूण 170, भागिले दहा, सरासरी 17. या दहांत सतराव्या वर्षी मेलेला एकही नाही! म्हणजे सरासरी खाली ओढत होती ती पाळण्यातली मुलं, आणि जो वीस वर्षांचा झाला तो पन्नाशी बघू शकत होता. शिवाय शहर भराभर वाढत होतं म्हणजे तिथे तरुण आणि लहान मुलं जास्त, म्हातारे कमी, त्यामुळे मरणाऱ्यांचं सरासरी वय आपोआपच अजून खाली दिसतं. त्या आकड्यावर त्या काळातच टीका झाली होती. म्हणून 'आयुर्मान 17' असं लिहू नका, 'मरणाचं सरासरी वय 17, कारण बालमृत्यू प्रचंड' असं लिहा. दुःख त्याने कमी होत नाही उलट ते कुठे होतं ते कळतं, घरोघरी, आईच्या मांडीवर.

नगरपालिका काय करत होती?

हा प्रश्न विचारणं चांगलंच आहे, पण गृहीत धरू नका की नगरपालिका होती. मँचेस्टरला 1838 पर्यंत नगरपालिकाच नव्हती. लाखाच्या वर माणसं, आणि कारभार जुन्या जहागिरीच्या कोर्टाकडे आणि पोलीस कमिशनर म्हणून एक मंडळ होतं त्यांच्याकडे. जहागीर मोझ्ली घराण्याची, बाजारपेठेचे हक्कसुद्धा त्यांचे, आणि ते हक्क नव्या नगरपालिकेने 1846 मध्ये 2 लाख पौंड देऊन विकत घेतले. पार्लमेंटमध्ये मँचेस्टरचा एकही खासदार 1832 पर्यंत नव्हता आणि तिकडे ओल्ड सॅरम नावाच्या ओसाड टेकाडाला दोन! 16 ऑगस्ट 1819 ला सेंट पीटर्स फील्डवर सुमारे 60 हजार लोक जमले ते पार्लमेंटमध्ये आपले खासदार हवेत याच मागणीसाठी, बायका-मुलं ठेवणीतले कपडे घालून आलेली, आणि त्यांच्यावर घोडेस्वार घातले. त्याला दंगल म्हणू नका, ती सभा होती.

आणि याच्याच उलट चूक, जिथे जुनी नगरपालिका होती तिथे सगळं बरं होतं असं धरणं. नॉटिंगहॅम बघा. जुनं शहर, चहूबाजूंनी मोकळं माळरान आणि शेतं, पण त्या जमिनीवर गुरं चारायचा हक्क शहरातल्या मानकरी रहिवाशांचा, आणि तो सोडायला कोणी तयार नाही. 1801 ला 29 हजारांच्या आसपास वस्ती, 1831 ला 50 हजार, आणि शहराची हद्द तीच. मग काय, अंगणात घरं, त्या घरांच्या अंगणात अजून घरं, बोळातून आत, अजून आत. बाहेर हिरवंगार कुरण दिसतंय आणि आत हवा नाही. शेवटी 1845 मध्ये कायदा होऊन ती जमीन मोकळी झाली. आता गंमत नाही तर आश्चर्याची गोष्ट म्हणजे याच कोंदट शहरात 1830 च्या दशकात थॉमस हॉक्सली या इंजिनिअरने दाबाने चोवीस तास नळाचं पाणी द्यायला सुरुवात केली होती, जेव्हा बाकी शहरांत दिवसातून थोडाच वेळ पाणी यायचं. म्हणजे घाण शहर आणि चांगलं शहर असे दोन कप्पे करताच येत नाहीत.

घरांचं बोलतोय तर एक भाषांतराची चूक सांगते, त्या काळच्या मजुरांच्या घरांना मराठीत सर्रास चाळ लिहितात. चाळ म्हणजे मजले, गॅलरी, ओळीने खोल्या. तिकडे बर्मिंगहॅम, लीड्स, नॉटिंगहॅमला होती ती पाठीला पाठ लावलेली घरं, म्हणजे खाली एक खोली, वर एक किंवा दोन, घर स्वतंत्र पण मागची भिंत मागच्या घराची आणि बाजूच्या दोन भिंती शेजाऱ्यांच्या, दार-खिडक्या फक्त पुढून. वारा आरपार जायला वाटच नाही. संडास आणि पाण्याचा पंप अंगणात, सगळ्यांना मिळून. लीड्सला तर अशी घरं 1937 पर्यंत बांधत होते, त्यामुळे अशा घराचा उल्लेख दिसला म्हणून तो काळ सुरुवातीचाच असेल असंही नाही.

फोटोंचं तर विचारूच नका. लेखात यंत्राजवळ उभ्या असलेल्या छोट्या मुलीचा तो फोटो लावतात आणि खाली लिहितात 'मँचेस्टर, 1830'. फोटोग्राफी जगासमोर आली 1839 ला! ते फोटो बहुतेक वेळा लुईस हाइन या फोटोग्राफरचे, अमेरिकेतले, 1908 नंतरचे. अरुंद गल्लीतली वाळत घातलेली कापडं दिसतात ते बरेचदा ग्लासगो, आणि ग्लासगो इंग्लंडमध्ये नाही, स्कॉटलंडमध्ये आहे. रॉबर्ट ओवेन या गिरणीमालकाचं न्यू लॅनार्क हे गिरणीगाव पण स्कॉटलंडमधलंच, इंग्लिश शहर म्हणून त्याचं उदाहरण देऊ नका.

लडाइट, म्हणजे त्या काळी यंत्रं फोडणारे कामगार, हे यंत्राला घाबरणारे अडाणी लोक, हेही सोडून द्या. 1811 ला नॉटिंगहॅमशायरात जी विणायची यंत्रं फोडली ती नवीन नव्हतीच, मोज्यांच्या त्या यंत्राचा शोध 1589 चा. राग होता तो रुंद यंत्रावर कापड विणून, कापून, शिवून स्वस्तातले उसवणारे मोजे काढण्यावर आणि त्यापायी पडणाऱ्या मजुरीवर. सगळी यंत्रं नाही फोडली, निवडून फोडली. यॉर्कशायरमधल्या लोकरवाल्यांचा आणि लँकेशायरमधल्या यंत्रमागाचा मामला परत वेगळा. सरकारने मात्र 1812 मध्ये यंत्र फोडण्याला फाशीची शिक्षा ठेवली आणि जानेवारी 1813 मध्ये यॉर्कला 17 जणांना फासावर चढवलं.

अजून एक, फ्रेडरिक एंगल्सचं इंग्लंडच्या कामगारांवरचं पुस्तक वाचून पार्लमेंट हादरलं आणि 1847 चा दहा तासांचा कायदा (बायका आणि अल्पवयीन मुलांचं गिरणीतलं काम दिवसाला दहा तासांवर आणणारा) झाला असं लिहिलेलं मी बघितलंय. पुस्तक 1845 ला जर्मन भाषेत आलं, इंग्रजीत अमेरिकेत 1887 ला आणि लंडनमध्ये 1892 ला. कायद्यामागे गिरणी कामगारांच्या स्वतःच्या कमिट्या, सभा, अर्ज, पंधरा-वीस वर्षांची धावपळ होती, ते श्रेय त्यांचं त्यांना द्या.

आकडे जुळत नाहीत म्हणून पण लोक हैराण होतात. एका ठिकाणी 1801 च्या मँचेस्टरची लोकसंख्या 70 हजार, दुसरीकडे 84 हजार, तिसरीकडे एक लाखाच्या वर. बहुतेक वेळा तिन्ही बरोबर असतात. एक फक्त मँचेस्टर वस्तीचा, एक शेजारचं सॅल्फर्ड धरून, एक अख्ख्या पॅरिशचा (म्हणजे चर्चच्या हद्दीतल्या विभागाचा), आणि त्या पॅरिशमध्ये तीसेक गावं होती. म्हणून वाढ दाखवताना दोन्ही वर्षांना हद्द एकच आहे ना ते बघा. आणि 1841 च्या खानेसुमारीत वीस, पंचवीस, तीस अशा वयांची गर्दी दिसली तर तेव्हा काही झालं होतं म्हणून नाही, पंधराच्या वरच्यांचं वय पाचाच्या पटीत खाली उतरवून लिहायचं असा नियमच होता.

आता एकत्र कुटुंब. आपल्या समाजशास्त्राच्या पुस्तकांत कारखाने आले आणि एकत्र कुटुंब मोडलं असं शिकवतात आणि आपण ते न बघता इंग्लंडला लावतो. इंग्लंडमध्ये आईवडील आणि मुलं एवढंच घर ही गिरण्यांच्या कितीतरी आधीपासूनची रीत, पोरं मोठी झाली की नोकर म्हणून, शिकाऊ म्हणून दुसऱ्याच्या घरी राहायला जायची. उलट गिरणी आल्यावर नातेवाईक घरात वाढले. लँकेशायरच्या प्रेस्टनची 1851 ची खानेसुमारी मायकेल अँडरसन या अभ्यासकाने तपासली, सुमारे 23 टक्के घरांत आईवडील-मुलांखेरीज कोणी ना कोणी नातलग राहत होता, त्याच्या आधीच्या काळातल्या इंग्लंडच्या मानाने दुपटीहून जास्त. कारण अगदी समजण्यासारखं आहे. खेड्यातून आलेली माणसं काही फार लांबून आलेली नव्हती, बरीचशी आजूबाजूच्याच गावांतली, आणि गिरणीत काम लागायचं ते काकाच्या, भावाच्या ओळखीने, खोलीभाडं वाटून घ्यायचं, आणि आई गिरणीत गेली की बाळाला बघायला आजी. या सगळ्यासाठी 1841 ची खानेसुमारी वापरू नका, त्यात घरातल्या माणसांचं एकमेकांशी नातंच लिहिलेलं नाही, 1851 पासून लिहायला लागले.

आणि ती 1851 ची पानं वाचताना शेवटची एक गोष्ट सांभाळा. नावाच्या पुढे व्यवसायाचा रकाना असतो आणि बायकोच्या, आजीच्या नावापुढे तो पुष्कळदा कोरा सापडतो. घरी पोटभाडेकरू ठेवून त्यांचं जेवण-धुणं करणारी, दुसऱ्यांचे कपडे धुणारी, शेजारणीचं मूल चार पैशांवर सांभाळणारी, सगळ्या त्या कोऱ्या रकान्यात. तो रकाना मोजून 'काम न करणाऱ्या स्त्रिया इतके टक्के' असं कधीही लिहू नका, 'व्यवसाय नोंदवलेला नाही' एवढंच लिहा.