कोर्टातल्या कर्मचाऱ्याची वेतनश्रेणी कुठे ठरते आणि ती कशी तपासायची

जिल्हा न्यायालयात कनिष्ठ लिपिक म्हणून लागलात तर राज्याच्या सातव्या वेतन आयोगाच्या तक्त्यातला एस-६ स्तर, म्हणजे मूळ वेतन १९,९०० ते ६३,२०० रुपये. मुंबई उच्च न्यायालयात लिपिक म्हणून लागलात तर एस-१०, म्हणजे २९,२०० ते ९२,३००. पदवी दोन्हीकडे लागते, टंकलेखनाची परीक्षाही दोन्हीकडे आहे. तरी पहिल्याच दिवशी मूळ वेतनात ९,३०० रुपयांची तफावत पडते. याचं कारण फायलींच्या गठ्ठ्यात शोधून सापडणार नाही. ते पद कोणाच्या अखत्यारीत येतं, यावर सगळं ठरतं. म्हणून अर्ज लिहायला बसण्याआधी आपलं दार कोणतं ते ओळखा.

सर्वोच्च न्यायालयाच्या कर्मचाऱ्यांचे नियम राज्यघटनेच्या अनुच्छेद १४६ खाली सरन्यायाधीश करतात आणि पगार, भत्ते, रजा, निवृत्तिवेतन यापुरती त्यांना राष्ट्रपतींची मान्यता लागते. उच्च न्यायालयासाठी हेच काम अनुच्छेद २२९ करतं: नियम मुख्य न्यायमूर्तींचे, मान्यता राज्यपालांची, म्हणजे व्यवहारात राज्य सरकारची. ही मान्यता नुसता शिक्का नसतो. वित्त विभाग हरकत काढतो आणि प्रस्ताव परत येतो. सरकारने एरवी मुख्य न्यायमूर्तींच्या शिफारशीला मान द्यावा, असं सर्वोच्च न्यायालयाने सांगितलेलं आहे. पण मान्यता दिलीच पाहिजे अशी सक्ती नाही.

जिल्हा आणि तालुका न्यायालयाचं दार तिसरं. नेमणुका, बदल्या, शिस्तभंग या सगळ्यावर अनुच्छेद २३५ मुळे उच्च न्यायालयाचं नियंत्रण असतं, पण वेतनश्रेणी मात्र राज्य सरकारची. शिपाई असो, कनिष्ठ लिपिक असो, लघुलेखक असो, श्रेणी मिळते ती महाराष्ट्र नागरी सेवा (सुधारित वेतन) नियम, २०१९ मधून. हे नियम ३० जानेवारी २०१९ रोजी अधिसूचित झाले आणि १ जानेवारी २०१६ पासून लागू धरले गेले. इथला लिपिक सरकारच्या हिशेबात महसूल किंवा सहकार खात्यातल्या लिपिकाच्या रांगेत बसतो. एस-६ आणि एस-१० मधल्या दरीचं मूळ हेच.

न्यायिक वेतन आयोगाबद्दल बराच घोळ होतो. शेट्टी आयोगाने, म्हणजे पहिल्या राष्ट्रीय न्यायिक वेतन आयोगाने, न्यायाधीशांबरोबर कनिष्ठ न्यायालयांच्या कर्मचाऱ्यांचाही विचार केला होता, त्यांच्यासाठी वेगळा अहवाल २००३ मध्ये दिला आणि सर्वोच्च न्यायालयाने २००९ मध्ये राज्यांना अंमलबजावणीचे आदेश दिले. त्यानंतरचा दुसरा राष्ट्रीय न्यायिक वेतन आयोग मात्र न्यायिक अधिकाऱ्यांपुरताच होता. साहेबांची थकबाकी निघाली म्हणून आपलीही निघेल, असं धरून बसू नका.

सीमेपलीकडे तर आणखी गंमत. गोवा मुंबई उच्च न्यायालयाच्याच कक्षेत येतो, पण तिथली जिल्हा न्यायालयं गोवा सरकारच्या वेतनावर चालतात आणि गोव्याने केंद्राचा वेतन तक्ता घेतलेला आहे. त्या तक्त्यातला सर्वांत खालचा स्तर १८,००० पासून सुरू होतो, महाराष्ट्राचा एस-१ १५,००० पासून. उच्च न्यायालय एकच, तिजोऱ्या दोन.

आता स्वतःची वेतननिश्चिती, म्हणजे जुन्या वेतनावरून नव्या तक्त्यात ठरवलेलं वेतन, तपासा. सेवापुस्तक मागवा आणि १ जानेवारी २०१६ ची नोंद काढा. सहाव्या वेतन आयोगातलं वेतनबँडमधलं वेतन आणि ग्रेड वेतन यांची बेरीज करा, महागाई भत्ता त्यात धरू नका. समजा ८,०७० अधिक १,९००, म्हणजे ९,९७०. याला सातव्या आयोगाच्या २.५७ या गुणकाने गुणलं की २५,६२२.९० येतात, पूर्णांकात २५,६२३. एस-६ च्या रकान्यात २५,२०० नंतर थेट २६,००० आहे. आपली रक्कम मधे पडते, म्हणून वरचा टप्पा घ्यायचा: २६,०००. खालचा टप्पा म्हणून २५,२०० लावला असेल तर ती चूक आहे, आणि एका टप्प्याची ही चूक पुढच्या प्रत्येक वेतनवाढीत तशीच सरकत राहते.

पदोन्नतीचा हिशेब वेगळा. आधी जुन्याच स्तरात एक वेतनवाढ द्यायची, मग वरच्या स्तरात तेवढा किंवा लगतचा वरचा टप्पा शोधायचा. एस-६ मध्ये २६,००० घेणारा एस-८ च्या पदावर गेला, तर आधी २६,८००, मग एस-८ मधला २७,१००. निश्चिती पदोन्नतीच्या तारखेपासून हवी की पुढच्या वेतनवाढीपासून, हा विकल्प मुदतीत लेखी द्यावा लागतो. वेतनवाढ जवळ आली असेल तर दोन्ही आकडेमोडी करून मगच विकल्प भरा. वेतनवाढीच्या तारखा आता १ जानेवारी आणि १ जुलै अशा दोन आहेत. २ जानेवारी ते १ जुलै या काळात नेमणूक किंवा पदोन्नती झाली असेल तर जानेवारीची, नंतरची असेल तर जुलैची. आस्थापना शाखेत सवयीने सगळ्यांना जुलै लावला जातो, तेवढं पाहून घ्या. पदोन्नती न मिळताच वर्षं गेली असतील, तर आश्वासित प्रगती योजनेचे (पदोन्नतीशिवाय वरची श्रेणी देणारी योजना) १०, २० आणि ३० वर्षांचे लाभ नोंदले आहेत का, तेही त्याच बैठकीत बघा.

निश्चितीच्या वेळी जादा रक्कम गेल्यास परत करीन, अशा हमीपत्रावर सही घेतात. त्याची झेरॉक्स ठेवा. वर्ग तीन आणि चारच्या कर्मचाऱ्यांकडून चुकीने गेलेली रक्कम वसूल करू नये, असा सर्वोच्च न्यायालयाचा २०१४ चा रफीक मसीह निकाल आहे, पण हमीपत्र दिलं असेल तर ते आपल्यावर उलटू शकतं. २०१६ च्या जगदेव सिंग निकालात तसंच झालं.

निश्चिती बरोबर आहे, पण श्रेणीच कमी वाटते, तर ती वेतनत्रुटी. तिचं निवेदन जिल्हा न्यायाधीशांमार्फत उच्च न्यायालयाच्या महाप्रबंधकांकडे (रजिस्ट्रार जनरल) जातं, तिथून विधि व न्याय विभाग, मग वित्त विभाग. निवेदन पडतं ते बहुधा एकाच कारणाने: तुलना पदाच्या नावावर केलेली असते. ‘तिथेही लिपिक, इथेही लिपिक’ याला वित्त विभागात किंमत नाही. तुलनेच्या दोन्ही पदांचे सेवाप्रवेश नियम जोडा. चौथ्या आयोगापासून सातव्यापर्यंतच्या श्रेणींचा तक्ता करा आणि पूर्वी बरोबरीची असलेली पदं कोणत्या आयोगात वेगळी झाली, ती ओळ अधोरेखित करा. मंजूर पदांची संख्या आणि वार्षिक वाढीव खर्च स्वतःच काढून द्या, नाहीतर त्या एका माहितीसाठी फाइल परत येते. लघुलेखकाने इंग्रजीची १०० आणि मराठीची ८० शब्दांची अट ठळक लिहावी. एस-१४, म्हणजे ३८,६०० च्या श्रेणीमागे हेच कौशल्य आहे.

थेट रिट याचिकेचा सल्ला देणारे पुष्कळ भेटतील. मुंबई उच्च न्यायालयाच्या लघुलेखक आणि स्वीय सहायकांच्या संघटनेचं प्रकरण त्यांना दाखवा. उच्च न्यायालयाने त्यांच्या बाजूने दिलेला निर्णय सर्वोच्च न्यायालयाने २००२ मध्ये रद्द केला: श्रेणी ठरवणं हे अनुच्छेद २२९ खाली मुख्य न्यायमूर्ती आणि सरकारचं काम, रिटमध्ये न्यायालयाने ते हाती घेऊ नये. याचिका करायचीच झाली, तर आधी निवेदनावरचा लेखी नकार हातात असू द्या.