ब्लूज-रॉकमध्ये ड्रमर व्हायचंय? आधी शफल

रॉकचे बीट बसलेत, फिल्स (मधल्या जागा भरणारे छोटे तुकडे) जमतात, म्हणून ब्लूज-रॉक सोपं जाईल असं समजू नका. इथे दुसऱ्यांदा बोलावणं येतं ते शफलवर, म्हणजे मात्रेचे तीन भाग करून वाजवलेल्या झुलत्या लयीवर.

गणित सोपं आहे. प्रत्येक मात्रेला 'तकिट' म्हणा, 'त' आणि 'ट' वाजवा, 'कि' रिकामा सोडा. घात होतो तो डाव्या हातात. शिकागोच्या डबल शफलमध्ये दोन्ही हात हेच वाजवतात आणि बारमधल्या (चार मात्रांच्या गटातल्या) २ व ४ वर स्नेअर ड्रमचा ठोका मोठा पडतो. त्या ठोक्याच्या लगेच आधी हळू 'ट' असतो, म्हणजे काठी वर न्यायला मात्रेचा जेमतेम तिसरा हिस्सा मिळतो. म्हणून तो 'ट' वाजवतानाच मनगट वर निघायला हवं, आणि मोठ्या ठोक्यानंतर काठी कातड्यापासून इंचभरावर थांबायला हवी. ती उसळली की पुढचा 'ट' मोठा पडतो, सगळे ठोके सारखे होतात आणि बॅकबीट, म्हणजे २ व ४ वरचा तो मोठा ठोका, बुडतो. वेग वाढवला की हात आखडतो, 'ट' लवकर पडू लागतो आणि शफल सरळ होऊन जातं. बासिस्टला (बास गिटार वाजवणाऱ्याला) हे पहिल्या चार बारमध्ये कळतं.

मेट्रोनोम ६० वर ठेवा आणि त्याची टिकटिक २ व ४ वर धरा. लय मिनिटाला १२० मात्रांची झाली. ब्लूजची बारा बारची एक फेरी २४ सेकंदांची, अशा १२ फेऱ्या एकही फिल न घेता वाजवा. मोबाइलवर रेकॉर्ड करा आणि शेवटची फेरी पहिलीशी ताडून पाहा. सुरुवातीला हे सगळ्यांचंच ढासळतं, घाबरू नका. पण 'दहा दिवसांत दहा शफल'वाले व्हिडिओ बंद करा. ब्लूज कलाकारांमागचे ड्रमर ऐका: लिटल वॉल्टरमागचा फ्रेड बिलो, हाउलिन वुल्फमागचा सॅम ले, स्टीव्ही रे वॉनमागचा क्रिस लेटन. फक्त फिल्स शिकवणाऱ्या सरांपेक्षा तुम्हाला थांबवून चूक दाखवणारा बासिस्ट कधीही चांगला गुरू.

जॅमला, म्हणजे आयत्या वेळी एकत्र वाजवताना, कोणी 'क्विक चेंज' म्हणालं तर दुसऱ्याच बारला चार नंबरची (सप्तकातल्या चौथ्या सुरावरची) कॉर्ड येते. 'फ्रॉम द फाइव्ह' म्हणजे सुरुवात पाच नंबरच्या कॉर्डवरून, नवव्या बारपासून. स्लो ब्लूजमध्ये लय पळते ती अकराव्या-बाराव्या बारला, टर्नअराउंडवर (फेरी पुन्हा सुरुवातीकडे वळते तिथे), तिथे मनात 'तकिट'चे तिन्ही भाग मोजत राहा. गायक तोंड उघडेल तेव्हा आवाज खाली आणा.

पोटाचं स्पष्ट सांगायला हवं. मुंबईत महिंद्रा ब्लूज फेस्टिव्हलने २०११ पासून मोठे कलाकार आणले, पण एवढ्यावर ड्रमरचं घर चालत नाही. शिकवण्या, लग्नाचे बँड, रेकॉर्डिंग हे सगळं धरावं लागतं. त्यात कमीपणा नाही, तिथेही लयच पक्की होते.

क्लबमध्ये ड्रमसेट असला तरी स्नेअर, सिंबल, पेडल आणि ड्रम-की स्वतःची न्या. इअरप्लग पहिल्या दिवसापासून घाला: १०० डेसिबलला दिवसभरातली सुरक्षित मर्यादा १५ मिनिटांची मानतात, आणि गिटारचा अँप कानामागे असतो.